लवणनिमज्जन

टब दिवाणखान्यात मांडायचा, हा निर्णय सर्वस्वी माझा होता. आमच्या घरातले निर्णय एरवी बायको घेते आणि ते सुरळीत पार पडतात.

झालं होतं असं, की मला गळू झालं होतं. कुठे, ते विचारू नका. एवढंच सांगतो, की खुर्ची, गादी, स्कूटर, कशावरच बसता येत नव्हतं. डॉक्टर म्हणाले, "कोमट पाण्यात मूठभर मीठ टाका आणि बसून राहा. दाबू नका. पिकलं की आपोआप वाट काढेल." आमच्या बाथरूममध्ये टब मावला तर मी मावत नव्हतो आणि मी मावलो तर टब. म्हणून लेकीच्या लहानपणीचा गुलाबी टब (त्यावर बदकं आहेत) बाहेरच्या खोलीत पंख्याखाली ठेवला, टॉवेल गुंडाळला आणि डोळे मिटून बसलो.

"निदान दाराला कडी तरी घाला," बायको आतून ओरडली.

"आत्ता कोण मरायला येतंय?"

साडू आला.

साडू म्हणजे बायकोच्या थोरल्या बहिणीचा नवरा. विमा एजंट. बेल वाजवायची त्याला सवय नाही आणि ऐकलेली गोष्ट पोटात ठेवायचीही नाही.

"हे काय साडूभाऊ? दिवसाढवळ्या टबात?"

गळू म्हणालो असतो, तर संध्याकाळपर्यंत सासरच्या घराघरात त्याची लांबीरुंदी पोचली असती. मी डोळे न उघडता म्हणालो, "साधना चालू आहे."

"कसली?"

"लवणनिमज्जन."

(हा शब्द कुठून आला, मला आजही माहीत नाही. कळ आली की मी शुद्ध बोलतो.)

साडूने बसायला वेताचा मोडा ओढला. त्याला बसता येतंय, हे पाहूनच माझा जळफळाट झाला आणि मी सुटलो. "माणूस मूळचा समुद्रातला. अहंकार डोक्यात असतो, असं लोक समजतात. साफ चूक. तो असतो बुडाशी. म्हणून तर माणूस खुर्ची सोडत नाही! तो खाऱ्या पाण्यात विरघळवावा लागतो. खरं म्हणजे समुद्रच हवा. नवशिक्यांना टब चालतो."

एरवी साडू कशालाही "हे मी केलंय" म्हणतो. आज हळूच म्हणाला, "त्रास होतो?"

"फार," मी म्हणालो. सगळ्या बोलण्यात तेवढंच खरं होतं आणि नेमकं तेच त्याला पटलं.

दुसऱ्या दिवशी साहेबांनी केबिनमध्ये बोलावलं. मी पाणीपुरवठा खात्यात कारकून. साडू साहेबांना पॉलिसी विकायला सकाळीच येऊन गेला होता.

"बसा," साहेब म्हणाले.

"नको साहेब, उभाच बरा."

"म्हणजे खरंच आहे तर! आठवडाभर बघतोय, उभ्याने काम करताय. मला वाटलं, बढतीसाठी नाटक आहे. तुम्ही तर खुर्चीचा मोहच सोडलात!" साहेबांचा आवाज चक्क मऊ झाला. (आमचे साहेब रागाच्या भरात फायली फेकतात. एक अजून पंख्यावर आहे.) "मला हा राग घालवायचाय हो. घरातलं कुणी माझ्याशी बोलत नाही. रविवारी समुद्रावर जाऊ. तुम्ही दीक्षा द्या. फक्त मला फसवू नका. फसवणाऱ्याची मी कुठे बदली करतो, ठाऊक आहे ना?"

ठाऊक होतं. तिथे पाणीपुरवठा खातं आहे, पाणी नाही.

घरी येऊन बायकोला सगळं सांगितलं. ती हसता हसता फ्रिजला टेकली.

"खरं सांगून टाका त्यांना."

"काय सांगू? साहेब, तुम्ही माझ्या गळवाचे शिष्य आहात?"

मग ती एकदम गंभीर झाली. "मीही येते. तुम्हाला पोहता कुठे येतं?"

रविवारी सकाळी किनाऱ्यावर साहेब हाफपँटमध्ये उभे होते. (साहेबांना गुडघे आहेत, हे ऑफिसला त्या दिवशी कळलं.) मागे साडू, अकाउंटंट, टायपिस्टबाई. सगळे माझ्याकडे बघत होते. पळून जावं तर मागे शिष्य, पुढे समुद्र. मी समुद्र निवडला. कमरेएवढ्या पाण्यात गेलो, दोन्ही हात वर केले आणि काहीतरी गंभीर बोलणार, तेवढ्यात लाटेने मला उचललं आणि थेट खडकावर बसवलं.

"आई गंऽऽ!"

"आई गंऽऽ!" मागून सगळे एका सुरात ओरडले आणि बुडी मारून बसले. साहेबांचा आवाज सगळ्यांत वर.

आणि पुढच्याच क्षणी माझी कळ थांबली! इतके दिवस ठणकत होतं, ते एकदम शांत. डोळ्यांतून घळाघळा पाणी आलं. साधना, साहेब, बदली, सगळं विसरून मी ओरडलो, "फुटलं! साहेब, फुटलं!"

"काय फुटलं?"

"ग…"

"गर्व!" बायको किनाऱ्यावरून ओरडली. "गर्व फुटला त्यांचा!"

साहेबांनी पाण्यातच हात जोडले. मग त्यांना शंका आली. "पण वहिनी, हे तर ‘फुटलं’ म्हणाले."

"अशा वेळी व्याकरण राहतं का माणसाचं?"

"खरंय. आमचा कधी फुटेल?"

"घाई करायची नाही," बायको शांतपणे म्हणाली. "शेकत राहायचं. दाबायचा तर मुळीच नाही. पिकला की आपोआप वाट काढतो."

टायपिस्टबाईंना हुंदका फुटला. साडू म्हणाला, "हे मी कुठेतरी अनुभवलंय."

तेव्हापासून दर रविवारी लवणनिमज्जन असतं. बायकोला सगळे ताई म्हणतात. ती बोलतेही छान, आणि खोटं कशाला सांगू, तिला ते आवडतंही. साहेबांनी गेल्या महिन्यात एकच फाईल फेकली आणि स्वतः उचलली. त्यांच्या मिसेस त्यांना डबा द्यायला लागल्यात म्हणे.

माझं मात्र बिनसलं. गळू गेलं आणि माझ्या ओरडण्यातला जीवच गेला. एकदा साडूने बाजूला घेऊन सुनावलं, "साडूभाऊ, राग मानू नका, पण तुमच्या ‘आई गं’मध्ये आता तळमळ नाही. टायपिस्टबाईंचं ऐका जरा."

मी भडकलो. "अरे बाबा, ते गळू होतं! साधं गळू!"

"हाच तो गर्व," साडू म्हणाला. "परत धरला वाटतं."

प्रकरण ताईंपर्यंत गेलं. ताईंनी (म्हणजे माझ्या बायकोने) निर्णय दिला, की मला पाण्यात उतरायची गरज नाही. मी बाहेर बसलो तरी चालेल. आता मी किनाऱ्यावर चपलांपाशी बसतो. परवा एक नवीन आजोबा आले. माझ्यापुढे चपला काढून म्हणाले, "नवीन दिसताय. धीर सोडू नका, ताई हळूहळू तुम्हालाही घेतील. तोवर यांच्याकडे नीट लक्ष ठेवा. मागच्या रविवारी एक जोड वाहून गेला म्हणे."

मी मान डोलावली. तो जोड माझाच होता.