१७६१ सालचा बॅकअप

सुयश मुलगी बघायला गुडगावला आला, तेव्हा मुलीआधी त्याला कॉम्प्युटर दाखवण्यात आला.

"आयटीत आहात ना, बघा जरा," मुलीचे वडील सुधाकरराव म्हणाले. "परत डिस्क फुल म्हणतोय."

सुधाकरराव केंद्र सरकारातून निवृत्त झालेले. ते दर शनिवारी पूर्ण कॉम्प्युटरचा बॅकअप घेत. पूर्ण म्हणजे मागच्या शनिवारच्या बॅकअपासकट. मूळ माल म्हणजे तिथल्या मराठी मंडळाची तीन पत्रं आणि एक भाषण. बाकी डिस्कभर त्यांचीच वंशावळ होती.

फोल्डरांना सालांची नावं होती. कुठलं ठेवू, असं सुयशने विचारलं. चालू साल ठेवा, असं उत्तर आलं. चालू साल म्हणजे २००३, आणि जागेअभावी त्यात अजून तीन पत्रंच मावली होती. ते ठेवून त्याने बाकीचं उडवलं. सगळ्यात जुनं आधी, ते १७६१ होतं. त्या साली कॉम्प्युटर नव्हते, पण सुयशचा विषय इतिहास नव्हता. मग त्याने रिसायकल बिनही रिकामा केला. तो पुण्याचा होता. अर्धवट काम त्याला जमत नसे.

पोहे आले. पोह्यांबरोबर अबोली आली. तिने एकच प्रश्न विचारला.

"१७६१ पण उडवलं?"

"सगळ्यात जुना बॅकअप तोच होता."

सुधाकररावांचा चमचा थांबला. १७६१ म्हणजे त्यांचं पानिपतचं भाषण. दर संक्रांतीला मंडळाची बस पानिपतच्या रणभूमीवर, काला अंबला जायची आणि स्मारकापाशी ते पन्नास मिनिटं वाचायचे. बस चार दिवसांवर आली होती.

"बॅकअपमध्ये असेल ना?" ते म्हणाले.

सुयशने पोह्यांची बशी खाली ठेवली.

ज्याला पानिपत सांभाळता येत नाही त्याला मुलगी कशी द्यायची, हे त्यांनी स्वयंपाकघरात बायकोला हळूच सांगितलं. ते हॉलपर्यंत ऐकू आलं. तरी सुयश संक्रांतीला बसमध्ये चढला. अबोली त्याला आवडली होती.

काला अंबला धुकं होतं. सुधाकरराव कागदाशिवाय उभे राहिले. त्यांना सुरुवात आठवत होती आणि शेवट आठवत होता. तीन मिनिटांत भाषण संपलं. लोक थोडा वेळ पुढचं ऐकायला थांबले, मग टाळ्या वाजल्या. खिचडी पहिल्यांदाच गरम मिळाली. मंडळाचे अध्यक्ष पद्माकर डोळे पुसत म्हणाले, "सुधाकरराव, तिथे नेमकं काय झालं, ते यंदा कळलं यार."

परतताना सुधाकररावांनी सुयशला शेजारी बसवून घेतलं आणि त्याची पत्रिका मागितली.

बसमध्ये अबोली तिळगूळ वाटत आली.

"भाषणाच्या फोल्डरला नुसतं १७६१ नाव कोण देतं?" सुयशने हळूच विचारलं.

"मी. आधी 'भाषण' होतं." तिने त्याच्या हातावर आणखी एक वडी ठेवली. "तुमच्याआधी दोन इंजिनीअर येऊन गेले. दोघांनीही बाबांना विचारलं, हे ठेवू का. मी दोघांनाही नकार दिला."