एकवीस गुणांचा विसराळू

मिनेसोटातल्या एका काउंटीच्या वृद्ध स्मृती विभागाचा नियम साधा होता. तीस गुणांच्या परीक्षेत चोवीसच्या वर गेलेला म्हातारा ठणठणीत. त्याच्याकडे कुणी जायचं नाही. अठराच्या खाली घसरलेल्याची रवानगी कुलूपबंद आश्रमात. मधल्यांकडे मात्र दर मंगळवारी एक बाई जाऊन पुन्हा परीक्षा घेणार. एकटेपणाचा रकाना अर्जात नव्हता. तो दुसऱ्या विभागाचा विषय होता आणि तो विभाग अजून स्थापन व्हायचा होता.

ऑरव्हिल स्टेनरुड यांचं वय एक्क्याऐंशी, बायको जाऊन चार वर्षं झालेली. पहिल्या परीक्षेत त्यांना घाबरल्यामुळे एकवीस मिळाले. पुढचे एकवीस मात्र त्यांनी कष्टाने मिळवले. दर सोमवारी ते चुकांचा सराव करत. तारीख चुकवायची, पण साल बरोबर सांगायचं. लक्षात ठेवायला दिलेल्या पाच शब्दांतले दोन गाळायचे, पण दर वेळी तेच दोन नाहीत. शाळेत चाळीस वर्षं गणित शिकवताना त्यांनी एवढं डोकं चालवलं नव्हतं.

मंगळवारी परीक्षा घ्यायला विभागाची डिअॅना येई. केक पुढे केला की ती मिनेसोटातल्या रीतीप्रमाणे दोनदा नको म्हणे आणि तिसऱ्यांदा घेई. त्या दोन नकारांत पाचेक मिनिटं जात. ऑरव्हिलना तीही हवीच असत.

"अहो ऑरव्हिल, सहा महिने एकवीसच," ती एकदा म्हणाली. "साहेब म्हणतात, असा शिस्तीचा विसराळू पाहिला नाही."

मग एका मंगळवारी ऑरव्हिलनी केकमध्ये साखरेऐवजी मीठ घातलं, आणि डिअॅनासमोर बसल्यावर चुका करायच्या असतात हेच ते साफ विसरले. तारीख, साल, पाच शब्द, घड्याळाचे काटे, सगळं बरोबर आलं. तीसपैकी तीस. केक खारट आहे असं म्हणायची पाहुण्यांत रीत नव्हती, म्हणून डिअॅनाने तो मुकाट्याने संपवला.

"तुम्ही तर बरे झालात हो," ती म्हणाली.

"मग पुढच्या मंगळवारी?"

"आता कशाला? ठणठणीत माणसाकडे आम्हांला येता येत नाही."

तेव्हा कुठे त्यांच्या लक्षात आलं. "थांब, पुन्हा विचार. आज गुरुवार आहे."

डिअॅना खळखळून हसली आणि तिने शेऱ्यात लिहिलं, विनोदबुद्धीही परतली.

"डिअॅना, मला खरंच आठवेनासं झालंय गं."

"ज्याला हे कळतं, त्याला काही झालेलं नसतं. आमच्या पुस्तिकेतच आहे तसं."

विभागाने अभिनंदनाचं पत्र पाठवलं, एक प्रत अॅरिझोनातल्या मुलाला. मुलाचा जीव भांड्यात पडला. त्याने विमानाचं तिकीट रद्द केलं आणि फोनवर बाबांचं भरभरून कौतुक केलं. तीसपैकी तीस वाचून तुम्हांलाही क्षणभर हायसं वाटलं असेल, तर तुमचंही कुणीतरी कुठेतरी पास होऊन बसलेलं असणार.