वाणीचुंबक आणि श्रीमंतरावांचा ट्रान्झिस्टर

साऱ्या नगर जिल्ह्यात वाणीचुंबकशास्त्राचा जाणकार एकच, आणि तो म्हणजे आपण, याबद्दल कानिफनाथरावांना तिळमात्र शंका नव्हती. शास्त्र त्यांनीच काढलेलं, त्यामुळे स्पर्धाही नव्हती. तोंडातून शब्द निघाला की हवेत चुंबकत्व पसरतं. खऱ्या शब्दाने होकायंत्राची सुई ढळत नाही, खोट्याने ढळते, असा मूळ सिद्धान्त. गुन्हे शोधायला एवढं पुरे होतं. गुन्हे काही मिळत नसत, म्हणून अधूनमधून ते सोयरिकी जमवत. कान जरा जड होते, पण ते त्यांनी कधी कबूल केलं नाही.

बाहत्तर सालच्या उन्हाळ्यात जिल्ह्याच्याच पश्चिमेकडल्या अकोल्याच्या सहादेवला आणि त्याच्या आईला, मालनबाईंना, घेऊन ते शेवगावला श्रीमंतरावांकडे मुलगी बघायला आले. चांगुणाने पोहे दिले, सहादेवने मान वर केली आणि तो पोहे खायचंच विसरला. मुलगी त्याला मनापासून आवडली होती. रात्री मुक्काम झाला. पहाटे श्रीमंतरावांच्या बायकोने, कडूबाईंनी, पाहुण्यांच्या पिशव्यांत शिदोऱ्या घातल्या. सकाळी मंडळी निघणार, तेवढ्यात श्रीमंतराव गरजले, "माजा ट्रान्झिस्टर कुठं गेला?"

कोनाडा रिकामा होता. मायलेकांच्या पिशव्या उलट्यापालट्या केल्या, काही सापडलं नाही. कानिफनाथरावांची पिशवी कोण तपासणार? तपास तेच करत होते.

"रेडिओ सापडल्याबिगर ही सोयरीक व्हनार न्हाई," श्रीमंतरावांनी जाहीर केलं. सहादेवचा चेहरा पडला.

कानिफनाथरावांनी खांद्यावरची पिशवी सावरली आणि होकायंत्र पाटावर ठेवलं. "आदी शास्त्राची परीक्षा. श्रीमंतराव, एक धडधडीत खोटं बोला."

"मी शेवगावचा राजा हाय!" श्रीमंतरावांचा आवाज वेशीपर्यंत गेला. सुई ढिम्म.

कानिफनाथरावांनी त्यांना अदबीने नमस्कार केला.

मग सहादेव हळूच म्हणाला, "मामा, म्या रेडिओला हात बी लावला न्हाई."

"आँ?" करून कानिफनाथराव पुढे वाकले. सुई गर्रकन फिरली.

"आता म्हन, मला भाकरी आवडते."

"मला भाकरी आवडते."

"आँ?" सुई पुन्हा फिरली.

"लई मुरलेला चोर दिसतोय," कानिफनाथराव म्हणाले. "भाकरीपाशी सुदिक खोटं!"

मालनबाई पुटपुटल्या, "माजं पोर गुनाचं हाय हो." ते वाकले, सुई फिरली, आणि मायलेकांची टोळी असल्याचं सिद्ध झालं. मग त्यांना सुचलं की अकोल्याची भाषा भातावर वाढलेली, शेवगावची बाजरीवर. तेव्हा भाताची वाणी उत्तर ध्रुवाची आणि बाजरीची दक्षिण ध्रुवाची असणार. श्रीमंतरावांना यातलं अक्षरही कळलं नाही, पण जावई चोर आहे एवढं पटलं. आत दाराआड चांगुणाचे डोळे भरून आले.

तेवढ्यात कडूबाई चुलीकडून एक गाठोडं घेऊन आल्या. "नाथभाऊ, तुमची भाकरी हितंच ऱ्हायली की! मग म्या पहाटं अंधारात तुमच्या पिशवीत काय घातलं?"

श्रीमंतरावांनीच कानिफनाथरावांच्या पिशवीत हात घातला. झाडताना धूळ बसू नये म्हणून कडूबाई रोज रेडिओ फडक्यात गुंडाळून ठेवत. तेच फडकं, तोच रेडिओ, अंधारात भाकरीचं गाठोडं समजून घातलेला.

श्रीमंतराव रेडिओ छातीशी धरून बसले. सहादेव म्हणाला, "मामा, रेडिओत लोहचुंबक असतोय. तुमी वाकला की पिशवी सुईजवळ येती."

"आँ?" कानिफनाथराव वाकले. सुई हलली नाही. "बघा! पोरगं खरं बोलतंय! शास्त्राने चोर न्हाई असं ठरवलं!"

श्रीमंतराव ओशाळले. "पावनं, चुकलं आमचं. पोरगी तुमचीच."

"थांबा!" कानिफनाथरावांना चेव चढला होता. "शास्त्राला मुलीचं मत बी लागतं. चांगुणा, बाहेर ये. मुलगा पसंत हाय का?"

त्या घरात हे तिला आजवर कुणी विचारलं नव्हतं. पदराचं टोक बोटाला गुंडाळत ती हळूच म्हणाली, "पसंत हाय. पर लगीन जमवायला दुसरं कुनीतरी बघा."

कानिफनाथराव "आँ?" करून वाकले. तिने पुन्हा सांगितलं.

त्यांनी मोठ्या आशेने सुईकडे पाहिलं. ती जागची हलली नाही.