देवस्थळीकाकांची तीन चाकं

देवस्थळीकाका बाहेर जाताना दारावर चिठ्ठी चिकटवतात आणि ती कुणाच्या बापाला वाचता येत नाही. नुसती इंग्रजी अक्षरं, पाच-पाचच्या गठ्ठ्यांनी. एकदा मी हट्टानं ती उतरवून घेतली आणि दुपारभर डोकं फोडत बसले. चार वाजता काका परत आले आणि त्यांनीच मला उलगडून सांगितलं, ‘शाहपुऱ्याला गेलोय, चारला येतो.’ आता बोला!

इकडं हिंदी मुलखात, बरखेड्याच्या कारखाना-वसाहतीत आमचं क्वार्टर त्यांच्या भिंतीला लागून. काकांनी कारखान्याच्या टूलरूममध्ये जन्म काढला, लग्नाच्या भानगडीत काही पडले नाहीत. सगळा जीव महायुद्धातल्या गुप्त संदेशांच्या यंत्रावर. खरं यंत्र त्यांनी कधी पाहिलेलं नाही, आहे ते कॉम्प्युटरवरचं. त्यात तीन चाकं. एक अक्षर दाबलं की चाक सरकतं आणि भलतंच अक्षर पेटतं. पलीकडच्यानं चाकं हुबेहूब तशीच लावली, तरच मजकूर परत सरळ होतो. म्हणून ‘आधी चाकं जुळव!’ हे काकांचं पालुपद. नवरा-बायकोच्या भांडणात तेच, भाजीवाल्याशी घासाघीस करतानाही तेच. तो बिचारा म्हणतो, "दादा, पहले भिंडी तो तुलवा लो."

पलीकडचे म्हणजे नागपूरचे इंगळे. तीस वर्षं टूलरूममध्ये शेजारच्या बेंचवर होते. रिटायर होऊन गावी निघाले तेव्हा दोघांनी कुठल्या दिवशी चाकं कशी लावायची याचा तक्ता करून एकेक प्रत घेतली. तेव्हापासून रोज चारला कॉम्प्युटरवर इंगळ्यांचा निरोप. आणि एवढं झाकून ठेवण्यासारखं गुपित काय, तर ‘आज वांग्याचं भरीत’!

गेल्या हिवाळ्यात निरोप उलगडेनासे झाले.

"वेंधळा लेकाचा! कालचीच चाकं लावून बसलाय," काका करवादले. कालची लावली, उलगडलं. पुढं परवाची लावून बघावी लागली. मग कुठलीच लागेनात. काका सकाळपासून एकेक चाक फिरवून बघायचे. चहा गार, जेवणाची शुद्ध नाही. मला भारी राग आला. म्हाताऱ्याचा जीव घेणारा हा कसला मेला खेळ! मी सरळ नागपूरला फोन लावला.

इंगळ्यांची सून म्हणाली, "बाबांना आता काहीच आठवत नाही जी. मलाही ओळखत नाहीत. पण चार वाजले की कॉम्प्युटर लावून मागतात. कुठली पण बटनं दाबतात आणि म्हणतात, देवस्थळीला पाठव."

हे काकांना कोणत्या तोंडानं सांगायचं? पण सांगितलं.

"त्याला आठवत नाही, हे मला केव्हाच कळलंय गं," काका म्हणाले. "भीती वेगळीच होती. माझं समाधान व्हावं म्हणून सूनच काहीबाही पाठवत असेल, असं वाटायचं. म्हणून शोधत होतो. त्याचा एक शब्द जरी सापडला असता..." मग त्यांनी माझा हात धरला. "तोच दाबतो ना? स्वतः?"

"हो काका. तुमचं नाव घेऊन."

काका माझ्यासमोर ढसाढसा रडले. इतकी वर्षं शेजारी राहून मी या माणसाची फक्त थट्टा केली होती.

चारला निरोप आला. तसाच, अर्थ नसलेला. काकांनी तो वरपासून खालपर्यंत सावकाश वाचला. चाकांना हात लावला नाही. सरळ मराठीत उत्तर लिहिलं, ‘इंगळे, मिळालं. उद्या पण पाठव.’