हणमंतरावांच्या ट्रंकेतलं गोजे

आमचे शेजारी हणमंतराव दूध आणायला निघाले तरी घरातल्या लोखंडी ट्रंकेच्या झाकणावर टाल्कम पावडर भुरभुरतात. परत आले की बॅटरी मारून, झाकणाला नाक लागेल इतकं वाकून बोटांचे ठसे शोधतात. एकदा एक ठसा सापडला. तो त्यांच्याच अंगठ्याचा निघाला, तरी आठवडाभर ते माझ्याशी बोलले नाहीत.

हणमंतराव लष्करातले निवृत्त हवालदार. साताऱ्यात असे गल्लीगणिक दोन सापडतील, पण ट्रंकेत गोजे बाळगणारे हे एकटेच. गोजे म्हणजे आफ्रिकेतल्या हौसा लोकांची सारंगी. अर्धा भोपळा, त्यावर ताणलेलं कातडं, घोड्याच्या केसांची एकच तार आणि वाजवायला गज. शांतिसेनेबरोबर सुदानला गेले होते, तिथून आणलेलं. कातडं घोरपडीचं. मी एकदा तसं बोलून गेलो, तर त्यांनी आधी खिडकी लावली.

"मास्तर, त्या जनावराचं नाव मोठ्यानं घिऊ नगा. वनखात्याचं लोक साध्या कपड्यात फिरत्यात."

"काम काय काडलंय?" हे त्यांचं पालुपद. आमच्या हिने पुरणपोळी पाठवली, तरी ताटाकडे बघून हेच. पोळी मात्र परत पाठवत नाहीत. संशय जिभेपर्यंत पोहोचत नसावा.

तार सैल पडली तेव्हा गोजे मिरजेला नेलं, मला साक्षीदार म्हणून सोबत घेऊन. सतारी बनवणारे कारागीर म्हातारे, भले गृहस्थ. उलटसुलट बघून म्हणाले, "ठेवून जा दोन दिवस." झालं. हणमंतरावांनी गोजे काखोटीला मारलं ते थेट एसटी स्टँड.

"ठिवून जा म्हनतोय," ते गाडीत पुटपुटले. "डोळं कसं चमकलं त्येचं, बगितलंसा?"

खरं तर डोळे गेले होते ते हणमंतरावांचे. दोन्हीकडे मोतीबिंदू. सांगलीच्या डॉक्टरांनी ऑपरेशन लांबवू नका म्हणून बजावलं होतं. पण ट्रंक सोडून दवाखान्यात राहायचं कसं, यातच दोन वर्षं गेली. आता समोरचा माणूसही त्यांना आवाजावरून ओळखावा लागे. एका भोपळ्यापायी हा गृहस्थ आंधळा होणार, याचा मला राग यायचा.

गेल्या महिन्यात मी चिडून विचारलंच, "एवढं जपता, कधी वाजवलंय तरी का?"

"मी कशाला वाजवू? माजं हाय व्हय ते?"

मग कळलं. मुसा नावाचा वादक तिथं त्यांच्या चौकीवर येऊन बसायचा. गावात गोळीबार सुरू झाला तेव्हा तो बायकामुलांना आणायला पळाला, आणि जाताना गोजे यांच्या हातात देऊन गेला. चार दिवसांनी पलटण हलली. तोवर मुसा आला नव्हता.

"त्यो आला आन् वस्तू न्हाई म्हनलं, तर कसं दिसंल?"

मला माझ्या रागाची लाज वाटली.

दुसऱ्या दिवशी सकाळी ते ट्रंक घेऊन आमच्या दारात उभे. ऑपरेशनला निघाले होते. किल्ली त्यांनी माझ्या हातात ठेवली.

"हणमंतराव, अहो, तुमचा सगळ्यात जास्त संशय माझ्यावरच ना?"

"हाय की," ते म्हणाले. "धा वर्सं तुमच्यावर नजर ठिवलीया. कवा उठता, कुटं जाता, कुणाशी बोलता, समदं ठावं हाय मला. दुसऱ्या कुणाला मी एवढा वळखतोय कुटं, मास्तर?"