साळवेमामांना फुकटचं चालत नाही

आमच्या मुकुंदवाडीत भाजी घेतली की कोथिंबिरीच्या चार काड्या वर फुकट मिळतात. त्या काड्यांचे पैसे देणारा माणूस मी एकच पाहिला, तो म्हणजे आमचे शेजारी साळवेमामा. भाजीवाली म्हणते, "मामा, बोहनीच्या टायमाला वाद नगं." तरी हे तिच्या तराजूत नाणं ठेवून निघतात. "फुकटचं आपल्याला नाय चालत."

मामांनी अख्खी नोकरी वाळूजच्या कारखान्यात लेथवर काढली. मामी गेल्या, आता घरात ते आणि मुलगा मिलिंद. सराफाने दिलेलं कॅलेंडर ते परत करून येतात. मोफत तपासणीच्या शिबिरात त्यांनी डॉक्टरच्या खिशात दहाची नोट कोंबली, तेव्हा डॉक्टरने त्यांचा रक्तदाब पुन्हा एकदा पाहिला. आमच्याकडे चहा प्यायले की दुसऱ्या दिवशी साखरेची पुडी हजर. मी हिशोबाचा माणूस आहे, म्हणून सांगून टाकतो, या व्यवहारात आम्हीच फायद्यात आहोत.

मिलिंदला अटक झाली आणि हे हसणं संपलं. बजाजनगरात दोन टोळक्यांची मारामारी झाली, एकाचं डोकं फुटलं. मिलिंद शिफ्ट सुटल्यावर तिथे मित्राची वाट बघत उभा होता. आरोपींत त्याचंही नाव आलं. कलम खुनाच्या प्रयत्नाचं, त्यामुळे जामीन झाला नाही. एका वकिलाची फी ऐकून मामांनी घर विकायला काढलं. गिऱ्हाईक येईना आणि सत्र न्यायालयातली तारीख तर जवळ आली.

माझा जीव टांगणीला लागला. सरकारी खर्चाने वकील मिळतो हे मला माहीत होतं, पण उत्पन्नाची मर्यादा आडवी येईल अशी धास्ती होती. मामांची पेन्शन आणि मिलिंदचा पगार मी कागदावर तीनदा मांडला. मिलिंदचा ओव्हरटाइम धरायचा की नाही, इथेच माझं घोडं अडत होतं. शेवटी मी मामांना कोर्टातल्या विधी सेवा कार्यालयात ओढत नेलं.

मामा पिशवी भरून कागद घेऊन आले होते. मला बरं वाटलं. पण तिथे पोहोचल्यावर कळलं, की आपण गरीब नाही हे सिद्ध करायला ते आले होते. टेबलावर त्यांनी जुन्या पगाराच्या चिठ्ठ्या आणि फ्रिजची पावती मांडली. टेबलामागच्या बाई शांतपणे म्हणाल्या, की आरोपी कोठडीत असला की उत्पन्नाची अटच नसते. त्याने नुसता वकील मागायचा असतो.

माझ्या डोक्यावरचं ओझं उतरलं. मामा मात्र दुखावले.

"म्हंजे आमची कमाई बघायची बी नाय?"

"गरज नाही, मामा," बाई म्हणाल्या.

"फ्रिजची पावती तरी बघा."

बाईंनी पाहिली आणि कंपनी चांगली आहे म्हणाल्या. मामांनी पावती नीट घडी घालून ठेवली आणि तडक तुरुंगात भेटीला गेले. वकील आपण घर विकून लावू, फुकटचा मागायचा नाही, असं त्यांनी मिलिंदला बजावलं. पोरगा बापाच्या शब्दाबाहेर नाही. तो व्हय म्हणाला.

पुढचे दिवस मी त्यांच्याशी वाद घालण्यात घालवले. घर विकलं तर सुटलेला पोरगा येणार कुठे, हे विचारून पाहिलं. बाजू मांडायला कुणी नसेल तर तो सुटणार कसा, हेही विचारलं. ते गिऱ्हाईक शोधायला निघून जायचे.

तारखेला आम्ही कोर्टात मागच्या बाकावर बसलो होतो. बाकीच्या आरोपींचे वकील पुढे आले. मिलिंद एकटाच उरला. तुमचे वकील कोण, असं जजसाहेबांनी विचारलं. कुणी नाही, तो म्हणाला. मग शासनाच्या खर्चाने देऊ का? त्याने नको म्हणून मान हलवली.

जजसाहेबांनी चष्मा काढला. "का नको? तुमचं बाहेर कुणी नाही का?"

माझ्या शेजारून मामा उठले. शिपाई खाली बसा म्हणाला, पण ते बसले नाहीत.

"हाय ना, साहेब. मी हाय. बाप हाय त्याचा. सरकारनं वकील दिला की लोक म्हणतेत, ह्याचं कुणी नाय, सोडून दिलेलं पोर हाय. म्हणून मी नगं म्हणत व्हतो. द्या साहेब, वकील द्या. पण तिथं लिवा, ह्याला बाप हाय."

कोर्टात कुणी हसलं नाही. जजसाहेबांनी आधी वकील नेमण्याचा आदेश सांगितला. मग लघुलेखकाला म्हणाले, "आणि लिहून घ्या, आरोपीचे वडील न्यायालयात हजर आहेत."

टायपिंगचा आवाज थांबेपर्यंत मामा उभेच होते.