मिसेस हॅलोवे आणि लॉर्डची मोलकरीण

मिसेस हॅलोवे आमच्याकडे आल्या की एका येण्यात त्यांचं समाधान होत नसे. दार ढकलून आत यायच्या, खोलीच्या मध्यावर थबकायच्या. "छे! साखर मागायला आलेली बाई इतक्या ऐटीत येत नाही," असं म्हणून बाहेर जायच्या आणि नव्याने आत यायच्या. दुसरं येणं खरोखरच साखरेसारखं असायचं.

सत्तरच्या दशकातली शेवटची वर्षं. दोहामध्ये मी कंपनीचा कारकून होतो. रत्नागिरीकडचा ड्रायव्हर दाऊद आणि मी एका पोर्टाकेबिनमध्ये राहायचो आणि समोरच्या बंगल्यात हॅलोवे दांपत्य. साहेब पाण्याच्या प्लँटवर इंजिनिअर, घरी क्वचितच. बाई पूर्वी लंडनला सिनेमात होत्या. नर्स, घरमालकीण, पोस्टातली बाई, नायिका बेशुद्ध पडली की पाणी आणणारी.

"मी नसते तर निम्म्या नायिका तहानेनं मेल्या असत्या," असं त्या अभिमानाने सांगायच्या.

दाऊद गाडीतून उतरला की त्या टाळ्या वाजवायच्या. "बघा, गाडी याच्या बापाची आहे असा उतरतो!"

"काय म्हणते वो भाऊ?" दाऊद विचारायचा.

"तुझा पगार वाढवा म्हणते."

"इन्शाल्ला!"

आमच्या वसाहतीतल्या इंग्रजांची नाटकं मॅनेजरच्या मेमसाहेब बसवत. पन्नाशी उलटली तरी सतराची नायिका त्याच व्हायच्या. मिसेस हॅलोवेंना पडद्यामागे प्रॉम्प्टिंग. एकदा मेमसाहेबांनी सगळ्यांसमक्ष गोड आवाजात विचारलं, "पण तुम्हाला पडद्यावर पाहिलेलं कुणी आहे का हो?" मिसेस हॅलोवे हसल्या, पण त्या आठवड्यात साखर मागायला आल्या नाहीत.

आणि एका शुक्रवारी टीव्हीवर त्यांचाच एक जुना खूनपट लागणार असल्याचं समजलं. त्यांनी सगळ्यांना बोलावलं. मेमसाहेब सोफ्यावर, बाकीचे गोरे खुर्च्यांवर, आम्ही दोघं दाराशी सतरंजीवर. मिसेस हॅलोवे उभ्याच होत्या. हातातला रुमाल पार चुरगळला होता.

"आता बघा हं. मी येतेय."

पडद्यावर एक लॉर्ड शेकोटीपाशी बसला होता. त्याने घंटी वाजवली. पुढच्या क्षणी तो गालिच्यावर मरून पडलेला, भोवती पोलीस.

लॉर्डला विष दारूतून दिलेलं होतं आणि तिथल्या टीव्हीवर दारू दाखवत नसत. दारू कापली, तिच्याबरोबर ती आणणारी मोलकरीणही गेली. उरलेला तासभर पोलीस कसला तपास करत होते ते कुणालाच कळलं नाही.

"तुम्ही नक्की कुठे होतात?" मेमसाहेबांनी पर्स उचलत विचारलं.

"मध्ये," मिसेस हॅलोवे म्हणाल्या.

पाहुणे भराभर निघून गेले. आम्ही सतरंजी गुंडाळत होतो. तेवढ्यात मिसेस हॅलोवे आपणहून म्हणाल्या, "दारात थांबायचं. ट्रे ठेवायचा. त्याच्याकडे न बघता जायचं. बस, एवढंच." मी दाऊदला ते मराठीत सांगितलं.

दाऊद विचारात पडला. आमच्यात कुणाचीही ओळख झाली की तो पहिला प्रश्न एकच विचारायचा. तोच त्याने आत्ताही विचारला. "भाऊ, विचारा ना, त्या मोलकरणीला घरी जायला सुट्टी किती वर्षांनी?"

मी विचारलं. मला वाटलं, बाई हसतील. त्या खुर्चीवर बसल्या.

"दोन वर्षांनी," त्या हळूच म्हणाल्या. "पण ती जात नाही. तिच्या घरी आता कुणी नाही. मी ठरवलं होतं तसं. हे कुणी कधी विचारलंच नव्हतं."

त्यांचे साहेब दर दोन वर्षांनी सुट्टीवर जायचे, तेव्हा बाई इथेच राहायच्या, हे मला त्या क्षणी आठवलं.

मी दाऊदला उत्तर सांगितलं. त्याला ते मुळीच पटलं नाही. "असं कसं? सांगा त्यांना, तिला पाठवा म्हणावं आमच्या गावाला. आई आहे घरी."

मी तेही सांगितलं. मिसेस हॅलोवेंनी दाऊदकडे पाहिलं. मग अगदी गंभीरपणे त्यांनी विचारलं, "पण त्याच्या आईला चालेल?"